एक्क्याऐंशी लाखांची चिठ्ठी

हसायचं असेल तर आधीच हसून घ्या. कारण मी सांगत असताना कोणी हसलं की माझं पुढचं वाक्य घशातच राहतं. म्हणून तर लिहून सांगतेय. एका रविवारी मी आमचं घर घालवलं होतं. अख्खं घर! आणि तेही सरळव्याजाने. म्हणजे सातवीच्या पुस्तकातल्या, अगदी साध्या, गरीब सूत्राने.

आता हे झालं कसं? ऐका.

तेव्हा मी पंधरा वर्षांची होते आणि आम्ही नाशिकच्या सिडकोत दोन खोल्यांत भाड्याने राहायचो. माझी अभ्यासाची जागा फ्रिज आणि आईचं शिलाई मशीन यांच्या मधोमध. मशीन चाललं की माझं अक्षर हलायचं, फ्रिज सुरू झाला की पाठ हलायची. आई ब्लाउज शिवते, त्यामुळे दिवसभर बायकांची ये-जा. कोणी माप द्यायला आलं की मी भिंतीकडे तोंड करून बसायचं. जाणार कुठे? आणि मग तो ठरलेला प्रश्न माझ्या पाठीवर येऊन आपटायचा, "ही बोलत नाही का हो?"

बोलते ना! पण चिठ्ठीवर. आमच्या फ्रिजवर द्राक्षाच्या घडाचं एक लोहचुंबक आहे. त्याखाली मी चिठ्ठ्या लावते. 'आई, वही संपली.' 'पप्पा, सहलीचे पैसे उद्या शेवटची तारीख.' घरात सगळ्यांना सवय आहे.

तर पाथर्डी फाट्याजवळ दोन बेडरूमचा फ्लॅट घ्यायचं ठरलं. आम्ही बघायला गेलो. आईने ओटा बघितला, पप्पांनी पार्किंग बघितलं. मी छोट्या बेडरूममध्ये गेले आणि दार लोटलं. दाराला आतून कडी होती. लावली. खट्! काढली. पुन्हा लावली. खट्! खिडकीतून पांडवलेण्यांचा डोंगर दिसतो म्हणे. मी पाहिलाच नाही. मी चार वेळा कडी लावली आणि मनात म्हटलं, ही खोली माझी.

मग कर्जाचे कागद आले. तीस लाख रुपये, साडेआठ टक्के व्याज, वीस वर्षं मुदत, महिन्याला हप्ता सव्वीस हजार पस्तीस. पप्पा अंबडला एका कंपनीत सुपरवायझर आहेत. त्यांनी एका दमात हिशेब मिटवला.

"भाडं अकरा हजार देतोच की आपण. त्यात पंधरा टाकले की घर आपलं! काय विशेष?"

आणि त्याच संध्याकाळी ते नावाची पाटी करायला टाकून आले. घराला अजून किल्ली नाही, पण पाटी तयार! पितळी अक्षरांची.

रविवारी सहाच्या आत बिल्डरच्या ऑफिसात हो म्हणून कळवायचं होतं. मागे दुसरं गिऱ्हाईक उभं होतंच.

शनिवारी मला वाटलं, आपणही घरासाठी काहीतरी करावं. कागदाचं पहिलं पान घेतलं. मुद्दल होतं, दर होता, मुदत होती. अशी तीन माणसं एकत्र दिसली की कोणताही शाळकरी मुलगा किंवा मुलगी काय करील? गुणाकार! मुद्दल गुणिले दर गुणिले मुदत, भागिले शंभर. उत्तर आलं एक्कावन्न लाख. नुसतं व्याज! त्यात मुद्दल मिळवलं, एकूण एक्क्याऐंशी लाख.

मी तीनदा तपासलं. गुणाकार तिन्ही वेळा बरोबर. तोंडाने सांगायची तर छातीच नव्हती. म्हणून चिठ्ठी लिहिली, लाल पेनने चौकट केली, आणि रविवारी सकाळी दूध तापायच्या आत फ्रिजवर लावली.

'तीस लाखांच्या कर्जाची एकूण परतफेड : ८१,००,०००/- रुपये. (तपासून पाहिले.)'

आईने वाचली आणि दूध उतू गेलं.

"अहो! इकडे या आधी! हे काय लिहिलंय पोरीने?"

पप्पा अर्धी दाढी करून आले. वाचलं. पुन्हा वाचलं. "एक्क्याऐंशी? चुकली असेल."

"चुकली असेल? गणितात चाळीसपैकी एकोणचाळीस आहेत तिला!"

"मग तो एक मार्क इथे गेला असेल."

"खाली बघा, तपासून पाहिलंय म्हणतेय."

पप्पा माझ्याकडे वळले. "रेवा, नक्की ना?"

मी मान हलवली. गुणाकार नक्की होता हो! पप्पांनी कर्जाचं काम बघणाऱ्या माणसाला फोन लावला, तर रविवार म्हणून त्याचा मोबाइल बंद. झालं! बंद मोबाइल म्हणजे पुरावाच. पप्पांच्या उरलेल्या अर्ध्या दाढीचा साबण वाळून गेला, पण ते तसेच कॉटवर बसून राहिले.

"तीस घ्यायचे आणि एक्क्याऐंशी द्यायचे? म्हणजे एक फ्लॅट आपला आणि पावणेदोन फ्लॅट त्यांचे?"

त्यांनी पितळी पाटी उचलली आणि कपाटावर पालथी घातली.

इथवर एक वेळ ठीक होतं. पण मग त्यांनी माझ्या चिठ्ठीचा फोटो काढला आणि कंपनीच्या ग्रुपवर टाकला. वर लिहिलं, 'मित्रांनो सावधान! घर घेण्याआधी हे वाचा.'

दुपारी दोनच्या सुमाराला आईच्या मोबाइलवर भिशीच्या ग्रुपवरून एक मेसेज आला. 'नाशिकच्या मुलीने उघड केले कर्जामागचे सत्य. पुढे पाठवा.' खाली फोटो. लाल चौकट. द्राक्षाचा घड. माझं अक्षर!

मला पाहुण्यांसमोर पाण्याचा ग्लास नेऊन ठेवताना धडधडतं. आणि इथे माझं अक्षर माझ्या आधी अख्खं गाव फिरून आलं होतं.

पप्पांनी बिल्डरला कळवून टाकलं, "नको आम्हाला." तिकडून उत्तर आलं, "सहापर्यंत थांबतो, मग दुसऱ्याला देतो." मग त्यांनी आत्याला फोन केला. आत्या म्हणजे पप्पांची मोठी बहीण. ओझरच्या पुढे तिचं शेत आहे, टोमॅटो आणि शेवंती लावते. फ्लॅटसाठी सुरुवातीला भरायच्या पैशांत थोडे कमी पडत होते, ते घेऊन ती निघालीच होती.

"आक्का, येऊ नको. घर रद्द."

"का रे?"

"एक्क्याऐंशी लाख पडतंय."

"मी गाडीत बसले हाय. आता येऊन पडते, मग बघू काय पडतंय ते."

चार वाजता आत्या आली. एका हातात टोमॅटोची पिशवी, दुसऱ्या हातात नव्या घराच्या पूजेसाठी शेवंती. पप्पांचा चेहरा बघून म्हणाली, "सुनील, कोण गेलं?"

"घर गेलं, आक्का."

आईने फ्रिजकडे बोट दाखवलं. आत्याने चष्मा लावून चिठ्ठी वाचली. आत्या शिकलेली चौथीपर्यंत. पण मार्केट यार्डात तिच्याशी हिशेबात वाद घालायला व्यापारी दोनदा विचार करतात.

"कोणी मांडलं हे?"

सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी मशीनकडे पाहिलं.

"रेवे, इकडे ये. घाबरू नको. मला सांग, हप्ता रोज भरायचा का महिन्याला?"

"महिन्याला," मी पुटपुटले.

"त्या हप्त्यात नुसतं व्याजच, का घेतलेलं पण फिटतं थोडं?"

"थोडं फिटतं."

"बरं. आता ऐक. तोडा सुरू झाला की मी शंभर कॅरेट भाड्यानं आणते. टोमॅटो भरायचे, यार्डात न्यायचे. रोज दहा कॅरेट रिकामे झाले की परत देते. दहाव्या दिवशी सकाळी माझ्याकडं किती राहिले?"

"दहा."

"मग त्या दिवशी मी भाडं दहाचं द्यायचं का शंभराचं?"

तुम्हाला म्हणून सांगते, त्या क्षणी मला फ्रिजच्या मागे एवढीशी फट आहे ती आठवली आणि त्यात मावेन का असं वाटलं. मी वीस वर्षं शंभरच्या शंभर कॅरेटचं भाडं लावलं होतं! पहिल्या महिन्यापासून शेवटच्या महिन्यापर्यंत, पूर्ण तीस लाखांवर! जणू पप्पा दोनशे चाळीस हप्ते भरणार आणि कर्जाला त्याचा पत्ताच लागणार नाही.

आणि याहून लाजिरवाणी गोष्ट सांगू? हप्ता माहीत होता. महिने माहीत होते. दोन्हींचा गुणाकार केला असता तर तिसरीतल्या पोरालाही उत्तर आलं असतं! पण पुस्तकात सूत्र असताना साधा विचार कोण करतं?

"मग? बोल की गं," आत्या म्हणाली.

तिघंही माझ्यापासून दोन हातांवर. शेवटी मी वहीचं पान फाडलं, तिघांच्या देखत उभ्या उभ्या गुणाकार केला, चिठ्ठी लिहिली, दोन पावलं चालून फ्रिजवर लावली आणि परत जागेवर येऊन उभी राहिले.

'चूक माझी. एकूण परतफेड : ६२,४८,४००/- रुपये.'

यावेळी 'तपासून पाहिले' लिहायची हिंमत झाली नाही. पण पप्पांनी कागदपत्रं उलटली. तिसऱ्या पानावर हाच आकडा छापलेला होता. केव्हाचा! आमच्यापैकी कोणी तिसऱ्या पानापर्यंत गेलंच नव्हतं.

"म्हणजे," पप्पा उठून उभे राहिले, "साडेअठरा लाख वाचले! मंगल, साडेअठरा लाख!"

"अहो, वाचले कुठे? होते कुठे आपल्याकडे?"

"सकाळी जायचे होते, आता नाही जायचे, म्हणजे वाचलेच की! फॉल्स सीलिंग करून टाकू हॉलला!"

"खाली बस," आत्या म्हणाली. "लय उड्या मारू नको. तीस घेणार, बासष्ट देणार. बत्तीस लाख नुसतं भाडं हाय पैशाचं. घेतल्यापेक्षा जास्त! ते दिसंना का तुला?"

पप्पा खाली बसले. सकाळी एक्क्याऐंशी ऐकल्यामुळे बासष्ट आम्हाला चक्क स्वस्त वाटायला लागले होते. माझ्या चुकीचा हा एक वेगळाच पराक्रम.

"मग नको घ्यायचं का, ताई?" आईने हळूच विचारलं.

"घ्यायचं की! राहायला घर लागतंच. पण पहिल्या दिवसात कॅरेट जास्त, म्हणून भाडंपण जास्त. तवाच हाताला लागतील तेवढे जादा कॅरेट परत करायचे. मग शेवटाला हाल नाय होत."

पावणेसहाला पप्पांनी बिल्डरला फोन लावला. पाटी कपाटावरून खाली आली. मी मनातल्या मनात कडी लावली. खट्!

पप्पांनी लगेच ग्रुपवर दुसऱ्या चिठ्ठीचाही फोटो टाकला. ती मात्र कोणीच पुढे पाठवली नाही. पहिली अजून फिरतेय. सोमवारी आमच्या गणिताच्या सरांनी वर्गात मोबाइल काढून फोटोतलं गणित फळ्यावर मांडलं आणि म्हणाले, "ज्याने कोणी हे केलंय त्याला पुन्हा सातवीत बसवा." सगळा वर्ग हसला. मीही हसले. काय करणार? न हसणारी एकटीच दिसले असते.

इथे थांबले असते तर बरं झालं असतं. पण चूक भरून काढायची मला फार घाई. मी दोन संध्याकाळी बसून एकेका महिन्याचं व्याज मांडलं. यावेळी शिल्लक कर्जावर, आत्याच्या कॅरेटसारखं, महिन्यागणिक कमी करत. एकशे चौसष्ट ओळी! आणि नवी चिठ्ठी लावली.

'दर महिन्याला पाच हजार जास्त भरले आणि व्याजदर असाच राहिला, तर कर्ज चौदा वर्षांच्या आत फिटेल. साडेअकरा लाखांहून जास्त वाचतील. (तपासून पाहिले. सरांकडूनही.)'

पप्पांनी वाचली. माझ्या डोक्यावर हात ठेवला. "हुशार आहे गं पोरगी!"

"ते खरं," आई म्हणाली, "पण महिन्याला पाच हजार आणायचे कुठून?"

दोघं विचारात पडले. मीही पडले. मग आईचा चेहरा असा काही उजळला की मी घाबरायला हवं होतं. पण मी वेडी, आनंदाने बघत राहिले.

"अहो, ती छोटी खोली आहे ना!"

आता आम्ही पाथर्डी फाट्याला राहतो. पितळी पाटी दारावर चकाकते. छोट्या खोलीत नर्सिंगला असलेली प्राजक्ताताई राहते. महिन्याला पाच हजार, अगदी एक तारखेला देते. स्वभावाने गोड आहे. अभ्यासाला शांतता लागते म्हणून संध्याकाळी आतून कडी लावते. खट्! आवाज हॉलमध्ये फ्रिज आणि शिलाई मशीनच्या मध्ये बसलं की स्पष्ट ऐकू येतो.

कधी माझी कंपासपेटी आतल्या कपाटात राहिली तर मी दार वाजवत नाही. दाराखालून चिठ्ठी सरकवते.

कर्ज फिटेल तेव्हा मी एकोणतीस वर्षांची असेन. तपासून पाहिलंय.