आईचे डॉक्टर बदलले तेव्हा…

बहात्तर सालच्या आसपासची गोष्ट. नगरला एका कारखान्यात मला नुकतीच नोकरी लागली होती. तिथल्या कामगार विम्यात आईवडिलांचंही नाव घालता येतं हे कळल्यावर मी भलताच खूश झालो.

खूश होण्याचं कारण आईचा दमा. वडील राहात्याकडच्या एका साखर कारखान्यात होते. ते रिटायर झाले, कॉलनीतलं क्वार्टर सुटलं आणि त्याबरोबर कारखान्याचा दवाखानाही सुटला; दोघं माझ्याकडे नगरला आले. इतकी वर्षं आईला एकाच डॉक्टरांचं औषध होतं, आणि त्यांच्या हाताला गुण आहे यावर तिचा गाढ विश्वास…

आमच्या विम्यात पॅनेलवरचे काही डॉक्टर असायचे. त्यातला एक आपण निवडायचा, मग घरातल्या सगळ्यांनी त्यांच्याकडेच जायचं. पण निवडायचा कसा, हे कुणी सांगत नसे.

मला मुळातच प्रश्न विचारायची खोड. मी खात्यातल्या प्रत्येकाला विचारत सुटलो. एक म्हणाला, ज्याचं इंजेक्शन दुखत नाही तो चांगला. दुसरा म्हणाला, छे, दुखलं नाही तर लागू कसं पडणार? शेवटी घराजवळचा दवाखाना बघून एक डॉक्टर निवडले.

त्यांचं औषध सुरू झालं आणि खोकला राहिला बाजूला, आईचं पोटच बिघडलं. मळमळ, जुलाब… खाल्लेलं अंगी लागेना. मी धावपळ करून डॉक्टर बदलून घेतले. या दुसऱ्या डॉक्टर म्हणजे गायकवाड बाई. मोजकं बोलणाऱ्या, जरा कडक. त्यांच्याकडेही पुन्हा तेच!

आता मात्र मी चक्रावलो. दोन वेगळे डॉक्टर, दोन वेगळी औषधं… मग त्रास एकच कसा? विम्याच्या ऑफिसातल्या माणसानं तर बजावलं होतं की डॉक्टर असे सारखे बदलता येणार नाहीत.

आई हटूनच बसली. "मला तिकडंच न्हेऊन सोड. त्या डागदरांबिगर मला गुन यायचा न्हाई." पण तिकडचा दवाखाना आता आमचा राहिला नव्हता. तिथं जाऊन तिला धाप लागली तर बघणार कोण? मला खरंच भीती वाटायला लागली होती. ती दिवसेंदिवस खंगत चालली होती.

एकदा शेवटचं दाखवू म्हणून कसंबसं समजावून तिला गायकवाड बाईंकडे नेलं. तेव्हा औषधाची बाटली आपणच घरून न्यायची. कंपाउंडर खिडकीतून ती घ्यायचा, मिक्श्चर भरायचा आणि डोस कळावेत म्हणून कातरलेल्या कागदाची पट्टी चिकटवायचा. आईची बाटली तपकिरी काचेची होती, आतलं काही दिसायचं नाही.

त्या दिवशी कंपाउंडरनं बाटली हलवून बघितली. आत औषध शिल्लक होतं. "धुऊन घेतो," म्हणत तो नळाकडे वळला, तोच आई ओरडली, "धुऊ नका!"

अख्खा दवाखाना वळून बघायला लागला. पडद्यामागून गायकवाड बाई बाहेर आल्या. त्यांनी बाटली हातात घेतली, बूच काढून वास घेतला आणि तोंड वाकडं केलं. "मावशी, हे कधीचं आहे?"

"माज्या कारखान्याच्या डागदरांचं हाय," आई पदर सावरत म्हणाली. "दर बारीला थोडं ठिवते तळाला, त्याच्यावर तुमचं भरून घेते. इरजन लावतो ना दुधाला, तसं. त्यांच्या हाताचा गुन तुमच्या औशिदात उतरंल म्हनून."

मी थक्क! महिनोन् महिने ती बाटली धुतलीच गेली नव्हती. तळाचं ते औषध आंबत होतं, नवं औषध त्यात मिसळत होतं, आणि मी मात्र डॉक्टर बदलत बसलो होतो.

मला वाटलं, बाई आता आमची चांगलीच खरडपट्टी काढणार. पण त्यांनी आईला आत नेऊन बसवलं आणि अगदी कुतूहलानं विचारलं, "औषध देण्याआधी ते डॉक्टर काय करायचे हो?"

आई जरा घुटमळली. "पाठीवर हात ठिवायचे. मग ती नळी लावायचे. रातच्याला धाप लागून किती उश्या घेऊन निजलीस, आसं इचारायचे. हितं कुनी इचारलंच न्हाई."

बाईंनी स्टूल पुढं ओढलं आणि आईच्या पाठीवर हात ठेवला. "काल किती उशा लागल्या?"

"तीन," आई म्हणाली… आणि रडायलाच लागली.

बाहेरचे पेशंट कुरकुरत होते, पण बाईंनी घाई केली नाही. आईचं सगळं ऐकून घेतलं. त्यानंतर आई उठली, बाईंच्या टेबलावरची बाटली घेतली आणि स्वतःच्या हातानं मोरीत ओतून टाकली. "आता धुवा," कंपाउंडरला म्हणाली.

पोट लवकरच ताळ्यावर आलं. दमा काही पळून गेला नाही, थंडीत त्रास व्हायचाच. पण माघारी जायचा विषय तिनं पुन्हा काढला नाही.

पुढं मी नोकरी बदलली, विमा बदलला, ओघानं डॉक्टरही बदलले. नव्या डॉक्टरांनी कागद पुढं ओढून आईला नाव विचारलं. ती म्हणाली, "नाव हा पोरगा सांगंल. तुमी आदी माज्या पाठीवर हात ठिवा."

त्यांनी पेन खाली ठेवलं आणि हात ठेवला. आई आज नाही, पण ज्यांनी तिला हे हक्कानं मागायला शिकवलं, त्या गायकवाड बाईंचे आभार मानायचे राहूनच गेले… ते आज इथं मानतो.