पाटलाच्या मोसंबीतून गेलेला रस्ता

माझी शाळा दुसरीपर्यंत. सही येते, वाचताना ओळीवर बोट ठेवावं लागतं. तरी राहुरीकडच्या त्या गावचा रस्ता कसा वळला ते मीच लिहिणार, कारण गावात उलटंच सांगतात.

बहात्तरचा दुष्काळ. आधी मी खडी फोडायचो, मग मुकादम झालो, आणि हा रस्ता म्हणजे माझ्या नावावरचं पहिलं कंत्राट. ते बुडालं असतं तर पुन्हा हातात खडी फोडायची सुतकी घेऊन दगडावर बसायचं होतं. रस्ता जुन्या गाडीवाटेनं जायचा. वाट सरकारी, पण गावच्या पाटलानं ती नांगरून आपल्या मोसंबीच्या बागेला जोडलेली. पहिल्याच दिवशी त्यानं माझ्या गाड्यांचे बैल सोडून दिले, माणसं हाकलली आणि सगळ्यांदेखत म्हणाला, "दगडफोड्या, तुझा बाप आमच्या दारात भाकरीवर दगड फोडायचा. तू आमच्या रानात रस्ता करनार व्हय?"

बाप फोडायचा, खरं आहे. पण ते माझ्या माणसांसमोर बोलायचं त्याला काही कारण नव्हतं. मी बैल गोळा करून आणले. नगरला खेटे घातले, अर्ज दिले आणि पोलीस बंदोबस्त मिळवला. एक हवालदार, दोन शिपाई.

बंदोबस्त आला त्या सकाळी आखणीच्या बरोबर मधोमध एक दगड उभा. शेंदूर अजून ओला, पुढं नारळ फोडलेला, पाटील हात जोडून बसलेला. म्हणे म्हसोबा आहे, वाडवडिलांपासूनचा. हवालदारानं टोपी काढली, पाया पडला आणि मला बाजूला घेऊन सांगितलं की माणूस आडवा असता तर उचलला असता, देवाला हात लावणार नाही. माझी माणसंही पहारीला शिवेनात.

दगड माझ्याच खडीच्या ढिगातला होता. माझ्या सुतकीचे घाव मला कळणार नाहीत? पण तसं बोललो असतो तर नुसतं भांडण झालं असतं आणि काम तिथंच मेलं असतं. मी पायताण काढलं आणि म्हसोबाला दंडवत घातला.

मग हवालदाराला म्हणालो, देव आहे तर तसा पंचनामा करा. तो लिहीत गेला, मी शेजारी बसून सांगत गेलो. देव पुरातन आहे, तो हलवू नये, रस्ता देवाच्या बाजूनं वळवून न्यावा, आम्हा गावकऱ्यांची हरकत नाही. कुठल्या बाजूनं वळवावा, ते मी मुद्दाम सांगितलं नाही. वाटेच्या एका अंगाला पाटलाची बाग, दुसऱ्या अंगाला ओढा आणि ओढ्यापलीकडं त्याच्या भावकीचं रान. रस्ता भावकीच्या डोक्यावर बसणार, या आनंदात पाटलानं पंचांच्या आधी सही ठोकली.

दुसऱ्या दिवशी बांधकाम खात्याचा ओव्हरसियर आखणीला आला. ओढ्यात डोकावला आणि म्हणाला, इकडं भराव टिकायचा नाही. मला ते ठाऊक होतं, मुरूम मी तिथूनच काढला होता. मोजणीची फीत बागेच्या अंगाला ओढली गेली.

पाटील धावत आला. हवालदारानं खिशातला कागद वर काढला. "पाटील, सही तुमचीच हाय. आता आडवं आलात तर तुमालाच न्यावं लागंल."

मोसंबीच्या दोन ओळी जाणार होत्या. दुष्काळात बैलांचं पाणी तोडून त्यानं ती झाडं जगवली होती, फळं लिंबाएवढी झालेली. पाटील माझ्याजवळ आला, मला नावानं हाक मारली, पुढं राव लावलं. फळं उतरेस्तोवर थांबा म्हणाला.

"देवाचं काम हाय, पाटील," मी म्हणालो. "खोळंबून चालत न्हाई."

कुऱ्हाड मी स्वतः घेतली. माणसं होती, पण ते काम मी कुणाला दिलं नाही. लोक म्हणतात, झाडांचा काय दोष? नसंल. दिवस मावळायच्या आत दोन्ही ओळी आडव्या केल्या. पाटील बांधावर बसून होता, आणि तो बघतोय ना, हे मी दर झाडामागं वळून पाहत होतो.