रामदासपेठ ते महाल: काचेच्या सहा तारा

नागपूरच्या फलाटावर उतरले तेव्हा सकाळचे नऊही वाजले नव्हते, तरी फरशी चपलेतून पोळत होती. प्यायचं पाणी बडनेऱ्यालाच संपलं होतं. हमालाने माझ्या हातातल्या लोखंडी पेटीकडे हात केला. मी ती सोडली नाही.

"सोनं आहे का, बाई?" तो हसला.

पेटीत काच जोडायचं यंत्र होतं. तांब्याऐवजी काचेच्या तंतूंतून, उजेडावर बोलणं नेणाऱ्या केबली तेव्हा नव्याच आल्या होत्या. आमच्या पुण्याच्या विभागात असं यंत्र एकच होतं आणि ते चालवायला शिकलेली मीही एकटीच. म्हणून भर मे महिन्यात मला इकडे धाडलं होतं. रामदासपेठ आणि महाल इथल्या दोन टेलिफोन केंद्रांमध्ये टाकलेली नवी केबल जोडून द्यायची होती.

सीताबर्डीवरच्या लॉजच्या मालकाने वही पुढे सरकवली आणि माझ्या मागे पाहिलं. "सोबत कोणी नाही का?"

"नाही."

त्याने मला जिन्याला लागून असलेली खोली दिली. तिला खिडकी होती, पण ती भिंतीकडे उघडत होती. पहिले तीन दिवस मी त्या खोलीत कोणाशी एक शब्द बोलले नाही. जेवून येऊन भिंतीकडे तोंड करून पडायचं, एवढंच.

कामाची जागा म्हणजे रामदासपेठेतल्या रस्त्याकडेचा एक खड्डा आणि त्यावर उभारलेला ताडपत्रीचा तंबू. पहाटे साडेपाचला दोन मजूर केबलची टोकं वर काढून देत आणि उन्हं चढली की कडुलिंबाखाली जाऊन पडत. केबल मनगटाहून बारीक. वरचं काळं जाड आवरण कापलं की आत पन्हळी पत्रा, मग पाणी शिरू नये म्हणून भरलेला चिकट लगदा, मधोमध ताण सोसणारी पोलादी तार आणि तिच्याभोवती नळ्यांमध्ये सहा रंगांचे सहा तंतू. रंग खरवडला की उरते केसासारखी काच. तिची टोकं हिऱ्याच्या पात्याने सरळ तोडायची, सूक्ष्मदर्शकाखाली समोरासमोर आणायची आणि विजेच्या ठिणगीने वितळवून एक करायची. त्या क्षणी वारा नको, धूळ नको. बाहेर अंग भाजणारी झळ आणि आत मी, पंख्याशिवाय.

सांधा बरा झाला की नाही, हे मात्र मला दिसत नसे. ते महालात दिसे. तिथे देवराव नावाचे तंत्रज्ञ दुसरं यंत्र घेऊन बसलेले असत. सांध्यात उजेड वाया गेला, तर त्यांच्या पडद्यावरच्या रेषेत पायरी दिसे. त्याच केबलमध्ये बोलण्यासाठी तांब्याच्या तारांची एक जोडी होती. तिला मी माझा फोन लावायची, ते त्यांचा.

"ऐकू येऊन राहिलं का, बाई?" हे त्यांचं पहिलं वाक्य. दुसरं, "खाल्लं का काही?"

मी नाही म्हणाले.

"काहून? सांबारवडी खा. उपाशी उन्हात बसान तर चक्कर येईन."

संध्याकाळी मी सीताबर्डीवरच्या एका दुकानात सांबारवडी मागवली आणि सांबाराची वाटी येण्याची वाट पाहत बसले. शेवटी विचारलं, "सांबार कुठंय?"

"आतच तर आहे, बाई!" दुकानदाराने वडी मोडून दाखवली. आत हिरवीगार कोथिंबीर. इकडे सांबार म्हणजे कोथिंबीर!

दुसऱ्या दिवशी हे सांगितलं तेव्हा देवराव इतके हसले की फोन कानापासून लांब धरावा लागला. मग मीही हसले. त्यानंतर दिवसभरात काही पाहिलं की, हे उद्या देवरावांना सांगायचं, असं मनात येऊ लागलं. तेही सांगत. बायको जाऊन दोन वर्षं झाली होती. घरात मुलगा-सून होते, पण "आपापल्या कामात राहतात ते".

पाचव्या तंतूच्या दिवशी उकाडा सोसवेना. समोरच्या औषधाच्या दुकानातून वीज घेतली होती. त्यावर मी टेबलफॅन लावला, अगदी हळू. ठिणगी मारली.

"पायरी दिसून राहिली, बाई. मोठी आहे."

"काच खराब असेल," मी म्हणाले.

त्यांनी विचारलं, "पंखा चालू होता का?"

"नाही."

पंखा माझ्या शेजारीच घुमत होता. फोनमधून तो त्यांना पहिल्यापासून ऐकू येत होता, हे माझ्या तेव्हा लक्षात आलं. एवढ्या लांब येऊन बोलायला एक माणूस मिळालं होतं आणि त्यालाच मी थाप मारली होती. तंतू पुन्हा तोडायचा, तर हाताशी जेमतेम दीड वीत उरली होती. आणखी एकदा चुकलं की नवा तुकडा, दोन सांधे आणि वरपर्यंत जाब.

मी पंखा बंद केला. "चालू होता, देवराव."

"माहीत आहे. होते असं. घाम पुसा, पाणी प्या. मी बसलो आहे."

माझा घाम पुसून, पाणी पिऊन होईपर्यंत ते खरंच बसून राहिले. मग मी सांधा केला.

"सपाट रेघ, बाई. सपाट!"

सहावा तंतू एका सकाळचं काम. त्याला मी दोन दिवस लावले. टोक पुन्हा पुसायची, पातं साफ करायची. त्यांनीही एकदाही घाई केली नाही. शेवटी तोही झाला आणि सांधे झाकायचा डबा बंद करण्याआधी मला फोन काढून घ्यावा लागला.

गाडी संध्याकाळची होती. देवरावांच्या घराचा पत्ता मी फोनवरच विचारून ठेवला होता. सायकलरिक्षा करून महालात गेले. अरुंद गल्लीत त्यांचं दोन खोल्यांचं घर. दारात आले ते काटकुळे, माझ्या खांद्याएवढे गृहस्थ. माझ्याकडे न पाहता त्यांनी खुर्ची पुसली.

"चहा ठेव वं," त्यांनी आत सुनेला सांगितलं.

मग आम्ही बसलो. मी उन्हाबद्दल बोलले. ते "हो" म्हणाले. त्यांनी गाडीची वेळ विचारली, मी सांगितली. आवाज तोच होता, पण शब्द सुचेनात, त्यांनाही आणि मलाही. निघताना ते एवढंच म्हणाले, "लहान आहात तुम्ही. मले वाटलं, मोठ्या असान."

पुण्याला घरी आल्यावर वहिनीने पाठीला लावायला घामोळ्याची पावडर काढली. मी तिला ऊन सांगितलं, कोथिंबिरीची फजिती सांगितली, महालातले देवरावही सांगितले.

"मग भेटशील की पुन्हा. कधी जाणार आहेस?" तिने विचारलं.

"सांधा बिघडला तर," मी म्हणाले.

तिने पावडर लावली. मी भिंतीकडे पाहत बसले. सहाही सांधे मी स्वतः केले होते. त्यांतला एकही बिघडणार नव्हता.