सर्व प्रकारचे शिवणकाम

माझं अक्षर चांगलं आहे, हाच माझा दोष. सदाशिव पेठेतल्या आमच्या इमारतीतल्या सगळ्या पाट्या माझ्या हातच्या. लोक वाचून हसतात, मला बरं वाटतं. त्याच हौसेपायी मी इंदुबाईंचं वाटोळं केलं.

इंदुबाई तळमजल्यावरच्या खोलीत राहायच्या. मूळच्या यवतमाळकडच्या. नवरा गेल्यावर पायमशीन घेऊन पुण्यात आल्या आणि ब्लाउज शिवून मुलीला, उत्कर्षाला, शिकवू लागल्या. दोन हजार चार साली कर्वेनगरात कॉल सेंटरच्या भरधाव गाडीनं त्यांचा उजवा पाय चिरडला. हाड कसंबसं जुळलं, पण आत पू राहिला. या बाईंना आता मशीन चालवणं शक्य नाही, असं मानून अपघाताच्या कोर्टानं सहा लाख मंजूर केले. मोठं ऑपरेशन वेळेत झालं तर पाय वाचेल, असं डॉक्टर म्हणत होते.

विमा कंपनीनं मुंबईला हायकोर्टात अपील ठोकलं. स्थगिती मिळाली. पैसे कोर्टात, पाय इथे. दोन वर्षं नुसत्या तारखा. तोवर बाईंनी काय हवा खायची? त्या हातसुईनं साड्यांना फॉल लावू लागल्या. त्याला पाय लागत नाही.

"तात्याराव, एक पाटी लिहून द्या जी," त्या म्हणाल्या. "फॉल लावून मिळेल, एवढंच लिहा."

एवढंच? एवढ्यावर गिऱ्हाईक फिरकतं होय? मी लिहिलं, 'इंदुबाईंकडे सर्व प्रकारचे शिवणकाम तत्परतेने करून मिळेल. उगाच चौकशी करू नये.'

"हे जास्त होतंय जी."

"तुम्हाला धंद्यातलं कळत नाही," मी म्हणालो. जन्मभर शिवणकाम केलेल्या बाईला मी हे सांगितलं.

महिन्याभरानं इंदुबाईंचे वकील आले आणि पाटीचा फोटो माझ्यापुढे ठेवला. कंपनीचा माणूस तो गुपचूप काढून गेला होता. बाई ठणठणीत आहेत, धंदा जोरात आहे, असं कंपनीनं हायकोर्टाला सांगितलं होतं.

"अहो, मी कोर्टात येतो. खोटं लिहिलं म्हणून सांगतो."

"सांगाल की," वकील म्हणाले. "तारीख लागू द्या."

हायकोर्टानं प्रकरण नव्यानं पुरावा घ्यायला पुण्याला परत धाडलं. मी पाटी उतरवली. बैल गेला अन् झोपा केला. पेन्शनीतून जमेल तेवढं दिलं, पण ऑपरेशनाच्या जवळपासही पोचलं नाही.

तारीख लागायच्या आत, श्रावणात, पाय गुडघ्यापासून कापावा लागला. मी सरकारी दवाखान्यात गेलो. दाराशी उभ्या उत्कर्षानं माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. खाटेशी बसलो. इंदुबाईंनीच चादर बाजूला सारली.

"याचा फोटो काढून वकिलांना द्या जी," त्या म्हणाल्या. "आता तरी कोर्टाला पटेल."