आपाच्या तोंडून त्यांचं नाव

दुपारी जरा डोळा लागला, की मला अजून ती रांग दिसते. शाळेच्या व्हरांड्यातनं निघून लिंबाच्या सावलीत वळत गेलेली बायांची रांग. पुढं कोण, मागं कोण, काही कळत नाही. नुसते पदर, बुरखे, बांगड्यांचा आवाज, आणि कुणाच्या तरी कडेवरचं पोर माझ्या अंबाड्याला हात घालतंय. कुठली निवडणूक, कुठलं साल, तेही उमगत नाही. सगळ्या एकात एक मिसळून गेल्यात. एवढं मात्र पक्कं असतं, की माझ्या मागं आपा उभी आहे आणि टेबलाशी बसलेला माणूस आता मला नवऱ्याचं नाव विचारणार आहे.

ते नाव मी कधी घेतलं नाही. लग्नात उखाण्यात घेतलं, ते सोडा. तिथं बाया दार अडवून बसतात, सुटका नसते. पण असं सरळ, भाजीवाल्याला हाक मारावी तसं, कधीच नाही. इथंही लिहीत नाही. सवय मोडत नाही हो.

पहिलं मतदान मी पाहिलं ते माहेरी, पिशोरला. पोलीस ॲक्शन होऊन थोडीच वर्षं झाली होती. माणसं अजून हळूच बोलायची. अशात कुणीतरी येऊन सांगितलं, की आता राज्यावर कोण बसायचं ते तुम्ही ठरवायचं. आई म्हणाली, "आपण? आन् बायांनी बी?" हुरड्याचे दिवस होते. मी परकर सावरत आईच्या मागं गेले. टेबलावरच्या माणसानं तिला नवऱ्याचं नाव विचारलं, तर आईनं पदर दातात धरला आणि जमिनीकडं बघत उभी राहिली. शेवटी कोतवालानं सांगितलं, तेव्हा गाडी पुढं सरकली. दोन कागद मिळाले, एक दिल्लीचा, एक हैदराबादचा, कारण तेव्हा आम्ही हैदराबाद राज्यात होतो. पडद्यामागं पेट्या मांडलेल्या. प्रत्येक उमेदवाराची पेटी वेगळी, तिच्यावर त्याचं चित्र. ज्याला मत द्यायचं त्याच्या पेटीत कागद टाकायचा.

मी पडद्याखालून डोकावले. आईनं एका पेटीला हळद-कुंकू लावलं, कागद पेटीवर ठेवला, वर चार हुरड्याचे दाणे ठेवले, हात जोडले आणि बाहेर आली.

वडलांनी विचारलं, "आत टाकला नाय?"

"देवापुढं ठेवायचं आसतं," आई म्हणाली, "देवाच्या पोटात कोंबायचं आसतं व्हय?"

वडील पोट धरून हसले. ते मत मोजलं गेलं की वाऱ्यानं उडालं, कोण जाणे. मला मात्र तो कागद अजून दिसतो. पडद्याच्या फटीतनं ऊन आत येतंय आणि कागद जागच्या जागी हलतोय, झोपेतल्या लेकरानं श्वास घ्यावा तसा.

मग राज्यं बदलली. हैदराबाद सुटलं, मुंबई आली, महाराष्ट्र झाला. आम्ही जागचे हललो नाही, राजधानी तेवढी फिरत राहिली. मी लग्न होऊन शहरात आले, तेव्हाच्या औरंगाबादेत. पाणचक्कीच्या अलीकडं आमची गल्ली. आमची भिंत आणि आपाची भिंत एकच. तिच्याकडं मसाला वाटला की माझ्या फळीवरची भांडी हलायची. आपा माझ्याच वयाची. तिचा नवरा शिंपी, माझे हे कापडगिरणीत. दोघांची दोस्ती कापडावरनंच जमली म्हणायची.

माझ्या पहिल्या मतदानाच्या वेळी ह्यांना विषमज्वर झाला होता. ताप उतरत होता, पण उठवत नव्हतं. पडल्या पडल्या मला म्हणाले, "तू जा. कन्नडच्या डोंगरापासून पार गोदाकाठापर्यंत एवढी माणसं, आणि दिल्लीत आपली खुर्ची एकच. त्या एका खुर्चीत तुझाही वाटा आहे. माझा बुडाला, तुझा बुडवू नको."

निघताना सासूबाईंनी बजावलं, "कुणी काही पुसलं तर त्याचं नाव तोंडातनं काढू नको. नाव घेतलं की आयुष्य कमी होतं. आधीच पोरगा अंथरुणात."

गेले. टेबलाशी बसलेले गुरुजी म्हणाले, "या नावाच्या तीन बाया आहेत या गल्लीत. तुम्ही कुणाच्या?"

मी गप्प.

"पतीचं नाव सांगा, बाई."

मी पदर दातात धरला. आईसारखाच. मागनं एक म्हातारी ओरडली, "घे उखाणा! गुरुजीला बी ऐकू दे!" बाया खदखदल्या. उखाणे मला येत होते की, पण उखाणा हा आनंदाचा शब्द. घरात माणूस तापानं फणफणलेला, आणि मी इथं चांदीच्या ताटात साखर वाढू? माझ्या डोळ्यांत पाणी आलं. गुरुजी घड्याळाकडं बघून म्हणाले, "नाव नाही तर मत नाही. बाजूला व्हा."

बाजूला व्हायला एक पाय उचलला, तेवढ्यात खांद्यामागनं बुरख्यातनं खणखणीत आवाज आला. ह्यांचं नाव. नावापुढं 'भाई' लावलेलं. "गिरणी में हैं. इनोंच तीन नंबर के घरवाले. लिखो ना जल्दी, मास्तर!"

तापाच्या घरात आठ-दहा दिवस नुसतं कण्हणं ऐकलेलं. असं भर उन्हात, धडधाकट माणसाला हाक मारावी तसं ते नाव ऐकलं आणि मला वाटलं, हे तर उठून बसलेत. उभेच राहिलेत माझ्या मागं.

मग आपाची पाळी आली. गुरुजींनी तिलाही तोच सवाल केला. आणि ही बया, जिनं माझ्या नवऱ्याचं नाव धाडकन सांगितलं, ती मुकी! बुरखा नुसता हलला.

"अगं, सांग की आता!" मी म्हटलं.

"हमारे में बी नै लेते, वैनी," ती पुटपुटली. "तुम बोलो ना."

मी बोलले. तिच्या नवऱ्याचं नाव, तसंच 'भाई' लावून, एकदम मोठ्यानं. ती मान डोलावून म्हणाली, "हौ, वोइच." गुरुजींनी कपाळाला हात लावला.

तेव्हापासनं आमचं ठरून गेलं. दर मतदानाला बरोबर जायचं, ती माझ्या मागं, मी तिचं सांगायचं, तिनं माझं. ओळखपत्रं नव्हती तोवर साहेबाला ऐकून घ्यावंच लागायचं. एकमेकींचं मत मात्र कधी सांगितलं नाही. तिनं कितीदा विचारलं, मी कितीदा विचारलं. परत येताना पाणचक्कीच्या हौदाशी बसायचो, पाण्याच्या धारेकडं बघत. शाई लागलेली बोटं पाण्यात बुडवून बघायचो, जाते का. ती नुसती निळी-काळी, खोल पाण्यातल्या माशासारखी दिसायची.

निवडणूक आली की आपाच्या घरात झेंडे शिवायला यायचे. सगळ्यांचेच. सकाळी एका पक्षाचा माणूस कापड टाकून जायचा, दुपारी दुसऱ्याचा. भाई मशीन मारत सांगायचे, "जिसका कपडा बचा, वो गिरा." ज्याचे झेंडे कमी लागले तो पडणार, असा त्यांचा हिशेब. दर खेपेला चुकायचा. माणूस हसत हसत पुढच्या वेळी तोच हिशेब पुन्हा मांडायचा. उरलेल्या तुकड्यांची आपानं मला गोधडी शिवून दिली. किती रंग तिच्यात! बाहेर एकमेकांचं तोंड न बघणारे सगळे तिच्यात टाक्याला टाका लावून निजलेले. हे तिला 'लोकसभा' म्हणायचे. "लोकसभा आण गं, थंडी वाजतीय."

अक्षरं मी बरीचशी भिंतींवरनं शिकले, तेही त्याच दिवसांत. पावसाळा झाला की रंग उडायचा आणि नव्या नावातनं जुनं नाव डोकं वर काढायचं. निवडून आलेलाही त्याच भिंतीवर, पडलेलाही. मी दळण घेऊन जाता जाता दोन्ही वाचायची.

एका निवडणुकीला गावाची हवा बरी नव्हती. दुकानं लवकर मिटायची, पोरं चौकात घोळक्यानं उभी राहायची. गल्लीतल्या जाणत्या म्हणवणाऱ्यांनी सांगितलं, आपापल्या माणसांबरोबर जा, आपापल्या वेळेला जा. सकाळपासनं मी उंबऱ्यात बसून होते. पलीकडं मसाल्याचा आवाज नाही, मशीनचा नाही. मला एकच लागून राहिलं होतं: आज ती नाही आली, तर पुढं कधीच यायची नाही. आज एकदा एकटी गेले, की झालंच. ऊन अंगणातनं सरकत सरकत तुळशीपर्यंत आलं. आणि मग भिंतीवर तीनदा थाप पडली.

उठून बाहेर आले, तर आपा बुरखा घालून दारात तयार. "चलो ना, वैनी. कायकू बैठे?"

"मला वाटलं, तू येत नाहीस."

"फिर तुम्हारे घरवाले का नाम कौन बोलता? वो चौक के पोट्टे?"

त्या दिवशी रांगेत कुणीतरी कुजबुजलं, "ह्या दोघी कशा काय बरोबर?" आपानं ऐकलं. टेबलाशी तिनं ह्यांचं नाव असं घेतलं, की पलीकडच्या पुरुषांच्या रांगेत ह्यांनी दचकून मान वळवली आणि "काय झालं?" म्हणून हाक दिली. सगळी शाळा हसली. पोलीससुद्धा.

पुढं भाई गेले. आपाचा मुलगा सिल्लोडला कापडाच्या दुकानात लागला होता, तो तिला घेऊन गेला. भिंतीपलीकडं दुसरे भाडेकरू आले, त्यांच्याकडं मिक्सर. पहिली काही वर्षं ती मतदानाला एसटीनं यायची, डब्यात माझ्यासाठी खिचडा घेऊन. मग मुलानं तिचं नाव तिकडं लावून घेतलं, गुडघ्यांपायी. सिल्लोड जालन्याच्या खासदारकीत. ती फोनवर म्हणाली, "अब तुम्हारा एमपी अलग, हमारा अलग. झगड़ा बी नै कर सकते!"

आमच्या गावाचं नावही बदललं दरम्यान. मी पत्त्यावर नवं लिहिते, झोपेत जुनं बोलते, असं सून सांगते. आपाला विचारलं तर म्हणाली, "मैं तो तुम्हारा गाँव बोलती, बस."

आणि मग हे गेले. घरात मुलं त्यांना अण्णा म्हणतात, नातवंडं आजोबा. फोटोखाली सुनेनं नाव लिहिलेलं नाही, घरातल्यांना कशाला? हळूहळू माझ्या ध्यानात आलं, की त्यांचं नाव कानांवर पडून किती दिवस झाले. जगात कुणी त्यांना हाक मारीतच नाही. मी तर कधी मारलीच नव्हती. नाव घेतलं की आयुष्य कमी होतं म्हणायच्या सासूबाई; आता कमी व्हायला काय राहिलंय? तरी जीभ वळेना. घरी एकटी असताना आरशापुढं करून बघितलं. ओठ हलायचे, आवाज नाही.

म्हणून मागच्या लोकसभेची मी वाट बघत होते. मतापेक्षा त्या सवालाची. कुणीतरी विचारील, आणि कुणालातरी सांगावंच लागेल.

टेबलाशी एक तरुण मुलगी होती. तिनं कार्ड बघितलं, माझा नंबर आणि माझं नाव वाचलं. "पुढं सरका, आजी."

मी हलले नाही. "नवऱ्याचं नाव नाही विचारलं?"

"कार्डावर आहे की, आजी."

"मग वाच ना, बाळा. मोठ्यानं."

तिला हसू आलं, पण वाचलं बिचारीनं. आडनाव आधी, मग नाव, मग वडलांचं. विजेच्या बिलावरचं वाचतात तसं. मी कान देऊन ऐकलं. नाव तेच होतं. हे नव्हते त्यात.

बटण दाबलं, यंत्र वाजलं, बाहेर आले. लिंब अजून तिथंच आहे. सून सावलीत माझा फोन घेऊन थांबली होती. मी म्हटलं, "सिल्लोडला लावून दे."

"डाले क्या, वैनी?"

"टाकलं. तू?"

"सुबेच. किसकू डाले?"

"तू सांग आधी."

"नै बोलती."

"मग मी बी नाय."

मी म्हटलं, "नाव नाही विचारलं गं कुणी."

"हमारे यहाँ बी नै पूछे," ती म्हणाली. तिचा आवाज लांब गेला, परत आला. मग घसा खाकरून ती अगदी त्या गुरुजींसारखी म्हणाली, "हाँ, बाई! पतीचं नाव सांगा!"

एवढ्या वर्षांनीही पदर आपोआप दाताकडं गेला. कानात तिच्याकडचा पंखा फिरत होता, लिंबाची पानं हलत होती, आणि मला ती रांग दिसायला लागली. पदर, बुरखे, बांगड्या. मग मागनं, खांद्याच्या अगदी जवळनं, आवाज आला. नाव, आणि नावापुढं 'भाई'.

गिरणीचा भोंगा होऊन गेल्यावर दाराशी सायकल टेकवून उभे राहायचे, तसे आले हे.

मी डोळे पुसले. म्हटलं, "आता तू. पती का नाम?"

तिकडं ती आपसूक गप्प झाली. मी श्वास घेतला आणि सांगितलं. एवढ्या मोठ्यानं, की फाटकाशी उभा असलेला पोलीस वळून बघायला लागला. "आजी, कुणाला हाका मारताय?"

मी त्याला शाईचं बोट दाखवलं, थांब म्हणून. सिल्लोडहून आवाज येत होता.

"हौ, वोइच."