आई, आपा आणि माझा एकपात्री

हा किस्सा मी तुम्हाला सांगितलाही नसता. पण अर्ध्या धुळ्याला तो आधीच माहीत झालाय, आणि जो तो आपल्या पदरचा मीठ-मसाला टाकून सांगतोय. तेव्हा म्हटलं, निदान तुम्ही तरी माझ्या तोंडून ऐका. चहा घ्या, गार होईल. माझी काय शोभा झाली ते ऐकताना गार चहा घशाखाली उतरायचा नाही.

तर मी चित्रकलेचा शिक्षक. हे पोटासाठी. मनाने मात्र मी नट. वर्गात कोंबडा काढायला शिकवताना मी स्वतः कोंबडा होतो, इतका नट. घरात आई आणि मी, दोघंच. आई गल्लीत सगळ्यांची अक्का. आमच्या भिंतीला भिंत लावून जुलेखाआपांचं घर. मी रांगत होतो तेव्हापासून या दोघींचं एकमेकींशिवाय पान हलत नाही. आपा बोलतात अहिराणी, तीही आईपेक्षा ठसकेबाज. आई पण अहिराणीच बोलते. मी निम्मं तुमच्यासाठी सोपं करून सांगतोय, नाहीतर तुम्ही पुण्याची माणसं, तोंडाकडे बघत राहाल.

या हिवाळ्यात जळगावला आमच्या हौशी मंडळींच्या नाटकाचा दुपारचा प्रयोग होता. मी त्यात राजा होतो. आई आणि आपा दोघींना मी कौतुकाने घेऊन गेलो. येताना एसटी पारोळ्याला थांबली, दोघींना चहा नेऊन दिला आणि मी माझी पगडी हरवली की काय ते बघायला परत गाडीत चढलो. पुढे धुळ्यापर्यंत दोघी गप्प. मला वाटलं, नाटक मनात रेंगाळतंय. चांगलं नाटक बघितलं की माणूस गप्प होतो, नाही का?

आणि नेमकं त्याच संध्याकाळी शहरात बिनसलं. आम्ही स्टँडवर उतरलो तर शटरं धडाधड खाली येत होती. कुठेतरी दगड पडले म्हणे. रिक्षावाला मिळेना. आम्ही तिघं पायीच घरी आलो. आई तिच्या दारात शिरली, आपा त्यांच्या दारात. चार-पाच दिवस गल्ली बंद होती. मग दुकानं उघडली, शाळा भरल्या, माणसं पूर्वीसारखी एकमेकांच्या दारात बसायला लागली. पण आई आणि आपा काही बोलेनात.

आता मला सांगा, तुम्ही काय समजला असता? मी पण तेच समजलो.

उन्हाळा लागला. दरवर्षी आमच्याकडे बिबड्या, म्हणजे ज्वारीचे पापड, होतात तेव्हा आपा हव्यातच. ज्वारीचा चीक शिजला की नाही हे त्या नुसत्या वासाने सांगतात. या वर्षी आईने एकटीने घातल्या, आणि त्या वाळल्यावर निम्म्या फाटल्या. आई गच्चीवर तुकडे गोळा करत बसलेली मी पाहिली आणि मला फार वाईट वाटलं. शपथेवर सांगतो, तेव्हा मनात नाटकबिटक काही नव्हतं.

त्यात कळलं, आपा हजला निघाल्यात. जन्मभर मनात होतं, या वर्षी त्यांचा नंबर लागला. आणि हजला जाणारा माणूस जाण्याआधी घरोघर जातो, हात जोडून म्हणतो, कहा-सुना माफ करा. आपा अख्ख्या गल्लीत फिरल्या. किराणावाल्याकडे गेल्या, दूधवाल्याकडे गेल्या. ज्या वाण्याशी त्यांचं जन्मात पटलं नाही, त्यालाही हात जोडून आल्या. आमचं दार तेवढं राहिलं.

आई रोज दुपारी झोपायचं सोडून ओट्यावर बसायला लागली. धुतलेली साडी, विंचरलेले केस. गेटची कडी वाजली की ताठ व्हायची. पोस्टमन निघाला की परत सैल. मी म्हटलं, आई, तूच जा ना. तर म्हणते, "मी काब्र जाऊ? हजले ती चालनी का मी?"

पण त्या संध्याकाळी पोळी टाकताना म्हणाली, "संजू, इतक्या लांब चाललीय. गुडघे असे. परत येईल ना रे ती?" आणि तव्यावरची पोळी करपली.

आता माझ्या अकलेचा भाग ऐका. त्याच सुमाराला मी जळगावला नाटकाच्या शिबिराला गेलो होतो. तिथे बाहेरून आलेल्या एका बाईंनी डॉक्युमेंटरी एकपात्री हा प्रकार समजावला. म्हणाल्या, तिकडे अमेरिकेत एका वस्तीत कृष्णवर्णीय आणि ज्यू शेजारी शेजारी राहायचे, त्यांच्यात फार वाईट बिनसलं. अशा वेळी कलावंत दोन्हीकडे जातो, माणसांना बोलतं करतो, त्यांचे शब्द जसेच्या तसे उचलतो आणि एकटाच रंगमंचावर सगळ्यांचा होतो. आत्ता हा, मग तो. समोर बसलेल्या दोन्ही बाजू पहिल्यांदाच दुसऱ्याचं ऐकतात. बाई इतकं मनापासून सांगत होत्या की माझ्या अंगावर काटा आला.

मी एसटीत बसल्या बसल्या ठरवलं. अहो, अमेरिका कशाला? एका भिंतीच्या अलीकडे आई, पलीकडे आपा. हे नाटक मी करायचं, आपा निघायच्या आधी करायचं, आणि दोघींना परत बोलतं करायचं. त्यात थोडं नाव झालं तर मी काही नको म्हणणार नव्हतो.

पहिली मुलाखत आईची. मी मोबाईल रेकॉर्डिंगला लावून ओट्यावर ठेवला.

"आई, त्या दिवशी नेमकं काय झालं?"

आई भेंडी चिरत होती. सुरी थांबली. "तुले काय करनं शे?"

"मनातलं बोल. मोकळी हो."

"तिनं जे म्हटलं ते मी जलमभर विसरणार नाही. पन तुले नही सांगनं. दुसऱ्या कोनालेबी सांगसू, तुले नही."

बघा, केवढी जखम. पोटच्या पोराला सांगवत नाही. मी डोळे पुसले आणि रेकॉर्डिंग नीट झालंय ना ते तपासलं.

मग आपांकडे गेलो. त्या बॅगेवर नावाची पट्टी शिवत होत्या. मला बघितल्यावर आधी खजूर पुढे केले, मग मान खाली घातली.

"आपा, आईची माफी मागायला का नाही आलात?"

"बेटा, माफी मागायची तर दिलसे मागायची. जे मी बोलले ते खरं होतं. आता हजला जाताना खोटं कसं बोलू, की माझं चुकलं?"

"पण काय बोललात?"

आपांनी माझ्याकडे पाहिलं. त्या नजरेत इतकी माया होती की मला भरून आलं. "तू गुणी पोरगा शे. मले नको सांगायला लावू."

मी बाहेर पडलो. दोन्ही बाजूंनी एवढं दाबून ठेवलेलं दुःख. शिबिरातल्या बाई म्हणाल्या होत्या, न बोललेल्या शब्दांत खरं नाटक असतं. माझ्याकडे तर दोन्हीकडून फक्त न बोललेलेच शब्द होते. म्हणजे किती मोठं नाटक.

शाळेचा हॉल मिळवला. आईला सांगितलं, आपा येणार नाहीत, बॅग भरतायत. आपांना सांगितलं, आईचे गुडघे दुखतायत, ती घरीच आहे. दोघी आल्या. एकमेकींना बघितलं आणि एक उजव्या टोकाला बसली, एक डाव्या. गल्लीतल्या लोकांना वाटलं बसायची तशीच पद्धत आहे, म्हणून लग्नात मुलीकडचे-मुलाकडचे बसतात तसे तेही दोन भागांत बसले. मधल्या खुर्च्या रिकाम्या. मला तर ते दृश्य बघून नेपथ्य फुकटात झाल्यासारखं वाटलं.

मी पदर घेतला की आई, डोक्यावर ओढणी घेतली की आपा. आईचं "तुले नही सांगनं" हे वाक्य मी तीन वेगवेगळ्या आवाजांत म्हटलं. एकदा कुजबुजून, एकदा ओरडून, एकदा गुडघ्यावर बसून. आपांचं "खोटं कसं बोलू" म्हणताना मी भिंतीवर डोकं आपटलं. हे त्यांनी मुलाखतीत केलं नव्हतं, पण मला आतून आलं. मागे सनईची टेप. शेवटी खिशातून फाटकी बिबडी काढली, उंच धरली, म्हटलं, "हा आपला समाज," आणि चुरगळून टाकली.

पहिल्या रांगेतून आईचा आवाज आला, "खायनी वस्तू शे ती."

मी तिकडे लक्ष दिलं नाही. हॉल शांत होता. कोणीतरी खोकलं. मला वाटलं, हुंदका आवरतंय. मी घामाने निथळत पुढे आलो आणि जे ठरवून ठेवलं होतं ते केलं.

"आज या दोघी इथे आहेत," मी म्हटलं. "आपा परवा निघतायत. आई, आपा, तुमच्या मुलाची हात जोडून विनंती आहे. त्या दिवशी काय झालं ते सगळ्यांसमोर बोला. दगड कोणी मारले, कोणाची चूक, बोलून टाका. मन मोकळं करा."

आई उभी राहिली. गोंधळलेली. "कसले दगड?"

"अगं, त्या दिवसाचे. ज्यावरून तुमचं बोलणं बंद झालं."

"दगडांवरून?" आई आपांकडे वळली. इतक्या महिन्यांत पहिल्यांदा सरळ आपांकडे बघून बोलली. "जुलेखा, आपण दगडांवरून नही बोलत का?"

"नही व अक्का," आपा पण उभ्या राहिल्या. "गल्ली बंद होती तेव्हा तर मी तुले रोज भिंतीवरून दूध देत होते."

"देत होतीस ना. आणि मी पातेलं कधी रिकामं परत केलं?"

"नही केलं. मुगाचे लाडू तर फार छान होते. पोरं परत मागत होती."

आता मला कळेना. सगळ्यांच्या माना एकदा उजवीकडे, एकदा डावीकडे. माझ्याकडे कोणीच बघेना. मी मध्ये पदर खोचून उभा. "मग भांडण कशावरून?" मी विचारलं. आवाज जरा चिरकला.

आई म्हणाली, "सांगू का जुलेखा? पोरगाच चारचौघांत विचारतोय."

"सांग. माझ्याच्याने नाही सांगवत."

"पारोळ्याला चहा पिताना ही मले म्हनली," आई सगळ्या हॉलला सांगू लागली, "म्हनली, अक्का, पोरगं गुणी शे, पन नाटक त्याना बसनी बात नही. राजा असा असतो का, म्हनली. याच्यापेक्षा तो भालदार बरा. मी म्हटलं, माझ्या पोराला नाव ठेवतेस? माझ्या तोंडावर? तू लहानपणी मांडीवर खेळवलेला पोरगा तो. आणि तिथून बोलणं बंद."

मागून कोणीतरी हसलं. मग दाबून हसायचा प्रयत्न करणाऱ्यांची एक अख्खी रांग हलली. माझा मुख्याध्यापक तोंडाला रुमाल लावून खाली वाकला. आणि मी? ज्या दोन समाजांचं दुःख खांद्यावर घेऊन उभा होतो, ते दुःख म्हणजे मी होतो.

आपा मात्र हसत नव्हत्या. रिकाम्या खुर्च्यांमधून वाट काढत आईकडे आल्या. डोळे भरलेले. "अक्का, तुझ्या दारावरून रोज जात होते. कडीला हात लावायचा आणि परत फिरायचं. माफी मागितल्याशिवाय माझी हज कशी होईल? पण तिथे अल्लाहच्या घरी जाऊन कोणत्या तोंडाने सांगू, की पोरगं चांगलं काम करतं? तू आई आहेस, तुझं दिल दुखवलं. त्याची माफी दे. त्या बोलण्याची नको मागायला लावू."

आईने आपांचे दोन्ही हात धरले. मला वाटलं, आता ही माझी बाजू घेणार. आईच ती. भर सभेत एक तरी माणूस आपलं असावं.

"तू कशाची माफी मागतेस जुलेखा," आई म्हणाली. "माफी मी मागते. तेव्हा मी रागात होते, मले काही दिसत नव्हतं. आज समोर बसून पाहिलं ना बठ्ठं नाटक."

असं म्हणून ती आपांच्या गळ्यात पडली. आपा रडायला लागल्या, आई रडायला लागली, दोन्ही बाजूंच्या बायका उठून मधल्या खुर्च्यांवर येऊन रडायला लागल्या. खरं सांगतो, मलाही रडू आलं. नाटकातलं नाही, खरं. इतके दिवस ओट्यावर बसणारी माझी आई त्या मिठीत पार लहान दिसत होती. दोघींना परत बोलतं करायचं म्हणून निघालो होतो, ते झालं होतं. कसं झालं ते सोडा.

मग आईने पदराने आधी आपांचे डोळे पुसले, मग स्वतःचे. "तिथे गेलीस की माझ्यासाठी एक माग," ती म्हणाली.

"मागते ना अक्का. गुडघ्यांसाठी?"

"गुडघ्यांचं राहू दे. संजूचं नाटक सुटावं, एवढं माग."

"ते काय तू सांगायला हवं?" आपा म्हणाल्या. "ते मी सगळ्यात पहिलं मागणार होते."

आणि काय टाळी पडली म्हणता. अख्खा हॉल उभा राहिला. खिडकीशी उभे असलेलेही आत येऊन वाजवू लागले. माझ्या आयुष्यात मी असली टाळी ऐकली नव्हती.

मी दोन पावलं पुढे आलो आणि छातीवर हात ठेवून वाकून नमस्कार केला.