अग्ली, व्हेरी अग्ली

काल मुलीने घरच्या ग्रुपवर तिच्या बाळाचा फोटो पाठवला. सगळ्यांनी खाली ‘ब्यूटिफुल’ लिहिलं आणि मला उगाच धस्स झालं. कुवेतमधल्या हवल्लीतली आमची शेजारीण लिन आठवली.

नव्वदचं दशक सरत आलं होतं. माझं बाळंतपण करायला आई नाशिकहून कुवेतला आली होती. समोरच्या दारातल्या लिनवर तिचा पहिल्या दिवसापासून संशय. चिनी बाई, एकटी राहते, चालताना पाऊलसुद्धा वाजत नाही! मी नोकरी करायचे त्याच क्लिनिकमध्ये लिन नर्स होती.

ती बाळ बघायला आली. पाळण्याकडे कितीतरी वेळ टक लावून बघत राहिली आणि हळूच म्हणाली, “अग्ली. व्हेरी अग्ली.”

“एवढं इंग्रजी मलाही कळतं!” आई फणकारली आणि दृष्ट काढायला मीठमोहऱ्या घेऊन आली.

मीही चिडून लिनला कारण विचारलं.

“आमच्या घरी तान्ह्या बाळाला सुंदर म्हणत नाहीत, वाईट नजरा वळतात,” ती म्हणाली. “मी शिकलेली, मी मानत नाही. पण माझी मुलगी तिकडे आजीपाशी आहे. दर शुक्रवारी आई फोनवर सांगते, तुझी पोर अजून कुरूपच आहे. मग मला झोप लागते.”

मी आईला सगळं समजावलं.

“बनवतेय तुला,” आई म्हणाली. “फोटो दाखव म्हणावं.”

लिनने पर्समधून फोटो काढला. आईने मीठमोहऱ्यांची मूठ तशीच मिटलेली ठेवून तो लांब धरून न्याहाळला, मग लिनकडे पाहिलं.

“अग्ली,” आई गंभीरपणे म्हणाली. “व्हेरी अग्ली.”

पोर नक्षत्रासारखी होती.